पाकिटावरचा मजकूर

जर्मनीत राहायला आलेल्या मराठी माणसाला 'गुटेन टाग' आणि 'डांके' यांच्या पाठोपाठ शिकावा लागणारा शब्द म्हणजे 'डाटेनशुट्झ'. आपल्या माहितीचं संरक्षण. दाताच्या डॉक्टरकडे जा, तोंड उघडण्याआधी डाटेनशुट्झच्या कागदावर सही. मुलाला किंडरगार्टनमध्ये घाला, त्याचा फोटो वर्गाच्या भिंतीवर लावला तर चालेल का यासाठी एक खूण आणि वेबसाइटवर टाकला तर चालेल का यासाठी दुसरी. सुरुवातीला याचं हसू येतं. 'जावयाला पगार किती हो?' असं शेजारीण जिन्यात उभ्या उभ्या विचारते, अशा गावांतून आपण आलेलो. २०१० मध्ये गूगलची रस्त्यांचे फोटो दाखवणारी सोय इथे आली, तेव्हा जवळजवळ अडीच लाख कुटुंबांनी आपलं घर त्यात पुसट करून घेतलं. हे ऐकून माझी सांगलीची मावशी म्हणाली होती, "एवढं काय दडवलंय म्हणायचं त्यांनी घरात?"

मी एकोणीस वर्षं हेसन राज्यात राहते. माहितीच्या संरक्षणाचा जगातला पहिला कायदा याच राज्यानं १९७० मध्ये केला. तेव्हा संगणक खोलीएवढे होते. पुढे १९८३ मध्ये देशाची जनगणना व्हायची होती, ती लोकांच्या विरोधामुळे कोर्टात अडली. त्या वर्षी १५ डिसेंबरला कार्ल्सरूहच्या घटनापीठानं निकाल दिला की आपली माहिती कुणाला किती द्यायची हे ठरवण्याचा हक्क मूळ माणसाचाच. आपल्याकडे असा निकाल यायला २४ ऑगस्ट २०१७ उजाडावी लागली. के. एस. पुट्टस्वामी या निवृत्त न्यायमूर्तींच्या याचिकेवर नऊ न्यायाधीशांनी एकमतानं सांगितलं की खाजगीपणा हा मूलभूत हक्क आहे.

जर्मन लोक याबाबतीत एवढे हळवे का, हे मला लाइपझिगला कळलं. तिथे 'रुंडे एके' नावाच्या इमारतीत पूर्व जर्मनीच्या गुप्त पोलिसांचं, म्हणजे श्टाझीचं, कार्यालय होतं. आता तिथे संग्रहालय आहे. लोकांची पाकिटं वाफेवर उघडायची आणि वाचून झाल्यावर पुन्हा चिकटवायची यंत्रं तिथे मांडून ठेवली आहेत. श्टाझीनं मागे ठेवलेली कागदपत्रं एकापुढे एक उभी केली तर १११ किलोमीटर भरतात. माझा मुलगा तेव्हा बारा वर्षांचा होता. त्यानं विचारलं, "एवढं वाचायला त्यांना वेळ कुठून मिळायचा?" प्रश्न बरोबर होता. सगळं वाचायला माणसं पुरत नाहीत. पण कोण कुणाला लिहितो एवढं टिपून ठेवायला फार वेळ लागत नाही.

आता गंमत बघा. घर पुसट करून घेणारे हेच जर्मन लोक दिवसभर व्हॉट्सॲपवर असतात. मुलाच्या फुटबॉल संघाचा ग्रुप तिथे, इमारतीतल्या लोकांचा तिथे, आणि आपल्या मंडळाचे गणपती, कोजागिरी, फराळाच्या ऑर्डरी असे निदान पाच ग्रुप तिथेच. कारण साधं आहे. ते फुकट आहे आणि सगळे तिथे आहेत.

ते नेहमी असं फुकट नव्हतं. जान कूम आणि ब्रायन ॲक्टन यांनी २००९ मध्ये ते सुरू केलं. काही वर्षं त्याचे वर्षाला सुमारे एक डॉलर पडायचे. कूम सोव्हिएत काळातल्या युक्रेनमध्ये वाढलेले. फोनवर मोकळेपणानं बोलता येत नसे, ही आठवण त्यांनी स्वतः लिहून ठेवली आहे. जाहिराती नकोत, हा दोघांचा आग्रह होता. २०१४ मध्ये फेसबुकनं हे ॲप सुमारे १९ अब्ज डॉलरला घेतलं. २०१६ च्या जानेवारीत वर्षाचा डॉलर माफ झाला. त्याच एप्रिलमध्ये सगळ्या संदेशांना एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत कुलूप लागलं, म्हणजे मधल्या कंपनीलाही मजकूर वाचता येऊ नये अशी सोय झाली. ही फार मोठी गोष्ट होती. आणि त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये कंपनीनं सांगितलं की आपले नंबर आणि वापराची माहिती फेसबुकला दिली जाईल. खरेदीच्या वेळी दोन्हीकडची खाती आपोआप जुळवणं शक्य नाही असं फेसबुकनं युरोपीय आयोगाला सांगितलं होतं. दिशाभूल केल्याबद्दल २०१७ मध्ये आयोगानं त्यांना ११ कोटी युरोंचा दंड केला. २०२५ च्या जूनमध्ये त्या ॲपवर स्टेटसच्या पानावर जाहिराती आणणार असंही जाहीर झालं.

म्हणजे मजकुराला कुलूप आहे. मग काळजी कसली, असं तुम्ही विचाराल. मला हा प्रश्न नीट समजावून दिला तो माझ्या वडिलांनी, ज्यांना स्मार्टफोन घेऊन जेमतेम पाच वर्षं झाली होती.

अण्णा पोस्टात होते. टपाल निवडण्याच्या कामापासून सुरुवात करून सांगली जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी पोस्टमास्तर म्हणून निवृत्त झाले. दुसऱ्याच्या नावाचं पत्र उघडायचं नाही, हा आमच्या घरातला पहिला नियम. माझ्या नावानं मैत्रिणीचं आंतरदेशीय आलं तर आईसुद्धा ते टेबलावर तसंच ठेवायची. टपाल उघडणाऱ्या कर्मचाऱ्याला १८९८ च्या कायद्यानं तुरुंगाची शिक्षा होती, हे आम्हा भावंडांना पाढ्यांबरोबर पाठ झालं होतं. पण अण्णा असंही सांगायचे की पाकीट न उघडताच पोस्टमास्तरला निम्मं गाव कळतं. मुंबईला गिरणीत असलेल्या मुलाची मनीऑर्डर थांबली की कळतं. कोर्टाचं रजिस्टर आलं की कळतं. एकाच मुलीच्या नावे एकाच अक्षरातली पाकिटं दर आठवड्याला यायला लागली की कळतं. कोपरा फाडलेलं पोस्टकार्ड आलं की पोस्टमन ज्या दाराशी थांबेल त्या दारात काय होणार हे आधीच कळतं. "कळलं तरी बोलायचं नाही," ते म्हणायचे. "त्याचाच पगार."

२०२० च्या नोव्हेंबरमध्ये अण्णांना पोटाचा कॅन्सर असल्याचं निघालं. दादा पुण्याला, मी इथे, धाकटी बहीण न्यू जर्सीला. करोनामुळे विमानं मोजकी. आम्हा तिघांचा एक ग्रुप झाला आणि पुढचे सात महिने आमचं घर त्या ग्रुपमध्ये होतं. रिपोर्ट तिथे, औषधांच्या चिठ्ठ्या तिथे, आज किती चमचे पेज गेली ते तिथे. रोज संध्याकाळी आई फोन तांब्याला टेकवून ठेवायची आणि मी अण्णांशी बोलायचे. या सोयीला मी कधीच नावं ठेवणार नाही. माझ्या आत्याचे मिस्टर १९८१ मध्ये कुवेतला होते. त्यांची आई गेली ते त्यांना तारेनं तिसऱ्या दिवशी कळलं. मला वडिलांचा चेहरा रोज दिसत होता, आणि त्याचा एक पैसाही पडत नव्हता.

अण्णांनी एकच सांगितलं होतं. आत्याला, म्हणजे त्यांच्या थोरल्या बहिणीला, ते स्वतः सांगणार. ती चौऱ्याऐंशीची, मिरजेला. जरा बरं वाटलं की रिक्षा करून जाईन म्हणत होते. दादानं एक रिपोर्ट सल्ल्यासाठी नात्यातल्या एका डॉक्टरांना पाठवला. त्यांनी आपल्या ओळखीच्या तज्ज्ञाला, तिथून घरातल्या कुणाला, आणि तिथून 'समस्त परिवार' नावाच्या एकाहत्तर जणांच्या ग्रुपवर. सगळ्यांचा हेतू चांगलाच होता. तासाभरात हात जोडलेली चित्रं, ओल्या हळदीचे काढे, कुणाच्या तरी व्याह्यांना गुण आलेला वैद्य, सगळं आलं. आत्याकडे स्मार्टफोन नाही. तिच्या सुनेनं तिला वाचून दाखवलं.

दुसऱ्या दिवशी अण्णा बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "पोस्टकार्डावर लिहिलं होतं काय गं?"

मी त्यांना कुलपाचं सांगितलं. मधलं कुणी वाचू शकत नाही, ज्याला पाठवलं त्यालाच उघडता येतं.

"म्हणजे खात्याचा दोष नाही," ते म्हणाले. "पाकीट मिळालं त्यानं ते चावडीवर वाचलं."

"हो, अण्णा."

"आणि पाकिटावरचं? ते कोण वाचतं?"

संगणकाचा गंध नसलेल्या माणसानं एका वाक्यात नेमकं बोट ठेवलं. मजकूर कुलपात आहे, पण पाकिटाची बाहेरची बाजू कंपनीपुढे उघडी असते. कुठला नंबर, कुठला फोन, कुठल्या भागातून, कुणाशी, किती वाजता, किती वेळा, कुठल्या ग्रुपमध्ये; यातलं बरंच आपण गोळा करतो हे कंपनी स्वतःच्याच नियमांत लिहिते. मी ते अण्णांना सांगितलं. त्यांनी थोडा विचार केला आणि मग पोस्टमास्तर कामाला लागला. बोटं मोडत ते सांगत गेले. "तीन मुलांचा नवा ग्रुप झाला. मग लॅबचा नंबर. मग कॅन्सरच्या डॉक्टरांचा. मग औषधाच्या दुकानाचा, दर सोमवारी. जर्मनीहून रात्री दोनला फोन. हे बाहेरून दिसलं तर आत काय लिहिलंय ते कशाला वाचायचं?" आणि हसून म्हणाले, "आमच्या खात्यात असताना एवढं टिपून ठेवायला कुणी सांगितलं असतं तर मी रजा टाकली असती."

अण्णांच्या आजाराचं कुणी त्या कंपनीत बसून वाचलं, असं माझं म्हणणं नाही. माझा मुद्दा एवढाच की आता पोस्टमास्तरच्या जागी यंत्र आहे. ते विसरत नाही, आणि 'कळलं तरी बोलायचं नाही' हा नियम त्यानं पाळावा की नाही हे आपल्या हातात नाही.

नेमकी त्याच सुमारास, २०२१ च्या जानेवारीत, नव्या अटींची सूचना आली. आईच्या फोनवर ती आली, माझ्याही आली. मी दोन्ही शेजारी ठेवून वाचल्या. माझा करार कंपनीच्या आयर्लंडमधल्या शाखेशी होता, आईचा आणि बहिणीचा अमेरिकेतल्या कंपनीशी. युरोपात माहिती देण्याघेण्यात काही बदल होणार नाही, असा खुलासा कंपनीनं केला. म्हणजे एका आजारी माणसाची तीन मुलं एकाच ग्रुपमध्ये बोलत होती, आणि त्यांचे हक्क मात्र देशागणिक वेगळे. मला मिळालेलं संरक्षण माझ्या हुशारीचं नव्हतं, माझ्या पत्त्याचं होतं. आईनं विचारलं, "मान्य करू का?" लॅबचे रिपोर्ट त्यावरच यायचे. 'अमान्य' असं बटणच नव्हतं. भारतात पुढे बरीच ओरड झाली, मुदत ८ फेब्रुवारीची १५ मे झाली, आणि भारताच्या स्पर्धा आयोगानं २०२४ च्या नोव्हेंबरमध्ये याच प्रकरणी मेटाला २१३ कोटी रुपयांवर दंड ठोठावला. प्रकरण मग अपिलात गेलं.

त्या जानेवारीत अनेक जण सिग्नलवर गेले. एवढे की १५ तारखेला ते ॲपच बंद पडलं. आम्ही तिघंही गेलो आणि तिथेच राहिलो. सिग्नलही फुकट आहे, पण ते देणग्यांवर चालतं. ते चालवायला वर्षाला सुमारे पाच कोटी डॉलर लागतील असा अंदाज त्यांनी २०२३ मध्ये जाहीर केला होता. 'फुकट' नावाची गोष्ट नसते, कुणीतरी भरत असतंच, हे त्यातून कळतं. २०१६ मध्ये अमेरिकेतल्या एका तपासात सिग्नलकडे माहिती मागितली गेली, तेव्हा देण्यासारखं त्यांच्याकडे दोनच गोष्टी होत्या: खातं कधी उघडलं आणि शेवटचं कधी वापरलं. पाकिटाच्या बाहेर जवळजवळ काहीच लिहायचं नाही, असं हे पोस्ट. इकडे थ्रीमा नावाचं स्विस ॲप बरंच चालतं. त्याचे एकदाच पैसे भरायचे, फोन नंबरही द्यावा लागत नाही. टेलिग्रामला पुष्कळ जण सुरक्षित समजतात, पण तिथे टोकापासून टोकापर्यंतचं कुलूप 'सीक्रेट चॅट' सुरू केलं तरच लागतं, आणि ग्रुपला लागतच नाही.

आई मात्र व्हॉट्सॲपवरच आहे. तिचं भजनी मंडळ तिथे आहे. "तुम्ही तिघं तिकडे जाऊन बसलात, माझ्या बायका कुठे नेऊ?" हा तिचा प्रश्न रास्त आहे. ॲप सोडणं हा एकट्याचा निर्णय नसतो, कारण त्यात येणंही एकट्याचं नव्हतं.

हे सगळ्यांत नेमकं सांगितलं ते आमच्याच राज्यातल्या बाड हेर्सफेल्ड या छोट्या गावच्या कुटुंब न्यायालयानं, २०१७ मध्ये. पालकांच्या वादाच्या एका प्रकरणात अकरा वर्षांच्या मुलाचा फोन न्यायाधीशांसमोर आला. त्यांनी त्याच्या आईला सांगितलं की मुलाच्या फोनमधल्या प्रत्येक माणसाची लेखी परवानगी आणा. कारण व्हॉट्सॲप नंबरांची यादी वर पाठवतं आणि ती यादी मुलाची नाही, त्या माणसांची आहे. तेव्हा जर्मनीत या निकालाची चेष्टा झाली. मला तो आता चेष्टेचा वाटत नाही. आयर्लंडच्या माहिती आयोगानं २०२१ च्या सप्टेंबरमध्ये व्हॉट्सॲपला साडेबावीस कोटी युरोंचा दंड केला, तोही लोकांना नीट माहिती न दिल्याबद्दल. आणि त्या लोकांत ज्यांनी हे ॲप कधी घेतलंच नाही तेही होते. म्हणजे आमची आत्या. तिच्याकडे बटणांचा साधा फोन आहे, पण तिचा नंबर एकाहत्तर जणांच्या फोनमध्ये आहे. तिला विचारायला कुणी गेलेलं नाही.

डाटेनशुट्झ हा शब्द मला जर्मनीत मिळाला, पण त्याचा अर्थ आमच्या घरात आधीपासून होता: दुसऱ्याच्या नावाचं पत्र उघडायचं नाही. दुसऱ्याचं असेल तर आधी विचारायचं. त्यासाठी संगणकातलं फार कळावं लागत नाही. आमच्या घरात आता काही गोष्टी ठरल्या आहेत. रिपोर्ट, आधार, पासपोर्ट कुठल्याही ग्रुपवर नाही, ज्याला हवं त्याला एकट्याला, आणि काम झालं की पुसायचं. आजारपणाची, नोकरी गेल्याची, घटस्फोटाची बातमी ज्याची त्यानंच सांगायची. तोवर आपण 'कळलं तरी बोलायचं नाही'. मुलांचे फोटो मुलांना विचारून. आईच्या फोनमध्ये तिला कुणीही कुठल्याही ग्रुपमध्ये ओढू नये ही खूण केली, प्रोफाइलचा फोटो फक्त ओळखीच्यांना दिसेल असं केलं, आणि साठवणीच्या प्रतीला, म्हणजे बॅकअपला, वेगळं कुलूप लावलं. ते आपोआप लागत नाही, सेटिंगमध्ये जाऊन लावावं लागतं. काही नव्या फोनमध्ये ॲपला पूर्ण यादी न देता निवडक नंबरच देता येतात, तेही जरूर बघा. मंडळात यंदापासून नवीन कुटुंबाला ग्रुपमध्ये घेण्याआधी विचारावं, असं मी कार्यकारिणीला सुचवलं आहे. एक फोन करायचा, एवढंच काम आहे.

अण्णा २०२१ च्या जूनमध्ये गेले. मार्चमध्ये मी जाऊन आले होते. शेवटी मात्र नव्हते. त्या दिवशी पहाटेपासून त्यांच्या नंबरावर आणि आमच्या तिघांच्या नंबरांवर कितीतरी फोन आले, आणि मग त्यांचा नंबर कायमचा शांत झाला. कोपरा फाडलेलं पोस्टकार्ड आता कुणी पाठवत नाही. पण ते पाकिटावरूनही वाचता आलं असतं.

दादानं काही महिन्यांनी ते कार्ड बंद केलं. मी नंबर तसाच ठेवला होता. गेल्या वर्षी एक दिवस 'अण्णा' या नावापुढे एक फोटो आला. पंचविशीतला एक मुलगा, स्कूटरवर पुढे उभी केलेली छोटी मुलगी, मागे उसाचा ट्रॅक्टर. बंद झालेले नंबर ठरावीक काळानं दुसऱ्याला दिले जातात, त्यातला हा. त्याचा फोटो कुणालाही दिसेल असाच होता. तो कधी ऑनलाइन असतो हेही मला दिसत होतं. रात्री उशिरापर्यंत जागा असायचा. त्याला माहीतही नव्हतं की जर्मनीतली एक बाई त्याच्या मुलीचा चेहरा ओळखते.

ते पत्र माझ्या नावचं नव्हतं. अण्णांचा नंबर मी त्यांच्या जुन्या डायरीच्या शेवटच्या पानावर शाईनं लिहून ठेवला, आणि फोनमधून काढून टाकला.